थँक्सगिव्हिंगचा आठवडा: गेम तेव्हाच का खपतात आणि त्याच्या आधीच का येतात

अमेरिकेत थँक्सगिव्हिंगचा आठवडा म्हणजे व्हिडिओ गेमच्या धंद्यासाठी वर्षातला सगळ्यात मोठा आठवडा, दुकानांबाहेर रांगा, ऑनलाइन स्टोअरवर अर्ध्या किमतीत गेम, कन्सोल म्हणजे टीव्हीला जोडायचं गेमचं यंत्र घेतलं की सोबत एखादा गेम फुकट, सगळं एकदम. पण नीट बघितलं तर एक गोष्ट लक्षात येते की ज्या आठवड्यात गिऱ्हाईक सगळ्यात जास्त असतं त्या आठवड्यात नवीन मोठा गेम सहसा येत नाही. जे यायचं ते आठ-पंधरा दिवस आधीच येऊन बसलेलं असतं. असं का होतं, तारीख कशी ठरते, डिस्काउंटचा भार कोण उचलतं आणि यात गेम बनवणाऱ्यांचा जीव का जातो, हे समजून घेण्यासारखं आहे, कारण स्टीम या पीसी गेमच्या ऑनलाइन दुकानावर सेल लागला की रात्री जागून गेम घेणारे आपल्याकडेही भरपूर आहेत.

आधी तारखेचं बघू. थँक्सगिव्हिंग असतो नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी, दुसऱ्या दिवशी ब्लॅक फ्रायडे, मग शनिवार-रविवार, मग ऑनलाइनवाल्यांचा सायबर मंडे. तिथून ख्रिसमसपर्यंत जेमतेम महिनाभर भेटवस्तूंची खरेदी चालते. हा महिना दुकानदारांसाठी इतका महत्त्वाचा आहे की १९३९ साली राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांनी दुकानदारांच्या आग्रहावरून थँक्सगिव्हिंग चक्क एक आठवडा अलीकडे आणला, म्हणजे ख्रिसमसच्या खरेदीला आणखी सात दिवस मिळतील. त्यावरून बराच गोंधळ झाला, काही राज्यांनी ऐकलंच नाही, शेवटी १९४१ मध्ये अमेरिकन काँग्रेसने चौथा गुरुवार पक्का केला. सण दुकानांच्या सोयीने हलवणारा देश आहे तो, मग गेमच्या तारखा त्या सणाभोवती फिरल्या तर नवल नाही.

आता खरा मुद्दा. बाकी वर्षभर गेम जो खेळतो तोच विकत घेतो, त्याला काय हवंय ते त्याला माहीत असतं. नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये मात्र घेणारा वेगळा आणि खेळणारा वेगळा. आई-बाबा, आजी, मामा, मावशी दुकानात जातात आणि त्यांना मारिओ आणि पोकेमॉन यापलीकडे नावं ठाऊक नसतात, ते बघतात की टीव्हीवर जाहिरात कशाची लागली, पोराने यादीत काय लिहून दिलंय आणि काउंटरवर समोर काय ठेवलंय. त्यामुळे या काळात ओळखीचं नाव, मालिकेचा पुढचा भाग, डब्यात मिळणारी वस्तू, याला भाव. आकडा बघा, निंटेंडोने एप्रिल २०२० ते मार्च २०२१ या वर्षात २ कोटी ८८ लाख स्विच कन्सोल विकले, त्यातले १ कोटी १५ लाखांहून जास्त एकट्या ऑक्टोबर-डिसेंबर या तिमाहीत. म्हणजे वर्षातली ४० टक्के विक्री तीन महिन्यांत. आणि ते लॉकडाऊनचं वर्ष होतं, लोक बाराही महिने घरात बसून खेळत होते, तरीसुद्धा.

आपल्याकडे याला सगळ्यात जवळची गोष्ट म्हणजे दिवाळी अंक. अंक कितीही चांगला असू दे, लक्ष्मीपूजन झाल्यावर स्टॉलवर आला तर गठ्ठे तसेच पडून राहतात, म्हणून संपादकाचं सगळं वर्ष त्या एका तारखेकडे तोंड करून चालतं. गेमवाल्यांचंही तसंच.

एकाच दिवशी सगळीकडे गेम रिलीज करायची पद्धतसुद्धा याच आठवड्यातून पुढे आली. आधी अमेरिकेत गेमची ठरलेली अशी तारीख नसायची, माल गोदामातून निघाला की ज्या दुकानात जेव्हा पोचेल तेव्हा विक्री सुरू. सेगा कंपनीने १९९२ मध्ये सॉनिक २ या गेमसाठी ठरवलं की २४ नोव्हेंबर, मंगळवार, त्याच दिवशी सगळ्या दुकानांत एकदम, आणि त्या मंगळवारचीच जाहिरात केली. त्या वर्षी थँक्सगिव्हिंग २६ तारखेला होता, म्हणजे दोन दिवस आधी. निंटेंडोने १९९४ मध्ये डाँकी काँग कंट्री आणि १९९८ मध्ये ऑकरिना ऑफ टाइम याच आठवड्यात सोमवारी आणले. कन्सोलचंही तेच, २००५ चा एक्सबॉक्स ३६० थँक्सगिव्हिंगच्या दोन दिवस आधी, २००६ चा निंटेंडोचा वी चार दिवस आधी. अडीचशे डॉलरचा वी, सोबत वी स्पोर्ट्स हा गेम, आणि पहिल्या आठ दिवसांत अमेरिका खंडात ६ लाखांहून जास्त खपले. नातेवाईक एकत्र जमलेत, जेवणं झालीत आणि आजी टीव्हीसमोर उभी राहून बोलिंग खेळतेय, यापेक्षा चांगली जाहिरात कुठल्या कंपनीला पैसे देऊन करता आली असती?

पुढे पुढे तारीख थोडी अलीकडे सरकली. पोकेमॉनचं बघा, २०१६ मध्ये सन आणि मून १८ नोव्हेंबरला, २०१७ मध्ये १७ तारखेला, २०१८ मध्ये १६, २०२१ मध्ये १९, २०२२ मध्ये स्कार्लेट आणि व्हायोलेट परत १८ ला. सगळे शुक्रवार आणि पाचही वेळा थँक्सगिव्हिंगच्या बरोबर सहा दिवस आधी. याला कारण आहे. पहिल्या शनिवार-रविवारी खरे चाहते पूर्ण किमतीत घेऊन टाकतात, स्कार्लेट-व्हायोलेट तर जगभरात तीन दिवसांत १ कोटी खपले, मग त्यांच्या शाळेत चर्चा होते, पोरं घरी हट्ट धरतात आणि पुढच्या शुक्रवारी ब्लॅक फ्रायडेला आई-बाबा दुकानात जातात. मधले ते पाच-सहा दिवस बोलबाला व्हायला आणि दुकानांना माल परत भरायला पुरतात. थेट ब्लॅक फ्रायडेच्या दिवशी गेम आणला तर तो सेलच्या गर्दीत कुणाला दिसणारसुद्धा नाही, कारण त्या दिवशी लोक स्वस्त काय ते शोधत असतात आणि नवा गेम काही स्वस्त नसतो. शिवाय त्या आठवड्यात ऑफिसं अर्धी रिकामी असतात, काही बिघडलं तर दुरुस्त करायला माणसं कुठून आणणार.

आता ही तारीख उलटी मोजून बघा म्हणजे बनवणाऱ्यांची अडचण कळेल. समजा गेम नोव्हेंबरच्या मध्याला दुकानात हवाय. म्हणजे डब्यांचे ट्रक त्याआधी निघाले पाहिजेत, त्याआधी डिस्क छापून, डब्यात घालून, खोक्यांत भरून व्हायला हव्यात, याला काही आठवडे लागतात. छापायच्या आधी सोनी, मायक्रोसॉफ्ट, निंटेंडो आपापली तपासणी करतात, गेम मधेच बंद पडतो का, कंट्रोलरची वायर काढली तर काय होतं, सेव्ह नीट होतं का, त्यात नापास झालं की दुरुस्त करून परत रांगेत. म्हणजे डिस्कवर जाणारा गेम सप्टेंबरच्या शेवटी नाहीतर ऑक्टोबरच्या सुरुवातीला तयार पाहिजे. दुकानांच्या जाहिरातींची पानं त्याच्याही आधी बुक झालेली, ट्रेलर दाखवून झालेला, तारीख पोस्टरवर छापलेली. सगळं काही ठरलेलं, फक्त गेम तेवढा ठरवून पूर्ण होत नाही, कारण सॉफ्टवेअरमधला एखादा बग एका तासात सापडतो आणि एखादा तीन आठवडे सापडत नाही.

मग उरलेला वेळ माणसांच्या झोपेतून काढला जातो. इंडस्ट्रीत त्याला क्रंच म्हणतात, आठवड्याला साठ-सत्तर तास, शनिवारी काम, रविवारी काम. यावर अजून एक पळवाट निघाली आहे ती म्हणजे पहिल्याच दिवशी येणारा पॅच. डिस्कवर जे काही आहे ते पाठवून द्यायचं आणि मधल्या पाच-सहा आठवड्यांत जे दुरुस्त होईल ते इंटरनेटवरून डाउनलोड करायला लावायचं. म्हणून ख्रिसमसच्या सकाळी पोरगं डबा उघडतं आणि पुढचे दोन तास डाउनलोडची पट्टी बघत बसतं.

याचं सगळ्यात ठळक उदाहरण सायबरपंक २०७७ हा गेम. पोलंडच्या सीडी प्रोजेक्ट रेडने आधी एप्रिल २०२० सांगितलं, मग सप्टेंबर, मग १९ नोव्हेंबर, म्हणजे थँक्सगिव्हिंगच्या बरोबर आठवडाभर आधी, आणि शेवटी १० डिसेंबर. त्याच्यापुढे ख्रिसमस होता, तिथून आणखी पुढे ढकलायला जागाच नव्हती. सप्टेंबरमध्ये कंपनीने सहा दिवसांचा आठवडा लावला, जे करणार नाही असं आधी सांगितलं होतं. गेम आला, पीसीवर कसाबसा चालला, जुन्या पीएस४ कन्सोलवर इतका वाईट चालला की सोनीने आठवड्याभरात तो आपल्या स्टोअरवरून काढून टाकला आणि पैसे परत देऊ केले, परत यायला जून २०२१ उजाडला. तरी २० डिसेंबरपर्यंत १ कोटी ३० लाख कॉपी खपल्या होत्या. मला यातली हीच गोष्ट सगळ्यात जास्त लागते, की सणाचा आठवडा अर्धवट गेमलाही उचलून धरतो, त्यामुळे घाई केली तर चालतं असाच धडा कंपन्या घेतात, आणि पुढे ज्यांनी दोन-तीन वर्षं राबून तो गेम खरोखर चांगला केला त्यांच्या वाट्याला तो पहिला महिना परत येत नाही.

पण सण प्रत्येक वेळी वाचवतोच असं नाही आणि त्याची गोष्ट जुनी आहे. १९८२. ईटी सिनेमा जून महिन्यात आला आणि तुफान चालला. गेम बनवणाऱ्या अटारीची मालक कंपनी वॉर्नरने गेमचे हक्क घेतले, ती बोलणी आटपेपर्यंत जुलै संपत आला, आणि ख्रिसमसला कार्ट्रिज, म्हणजे गेमची कॅसेट, दुकानात हवं तर १ सप्टेंबरला गेम तयार पाहिजे. म्हणजे पाच आठवडे. त्या काळी एका गेमला साधारण सहा महिने सहज लागायचे. हॉवर्ड स्कॉट वॉर्शॉ नावाच्या एका प्रोग्रामरने हे काम अंगावर घेतलं, घरीसुद्धा कॉम्प्युटर बसवून घेतला आणि एकट्याने पाच आठवड्यांत गेम लिहून दिला. खेळून बघायला, लोकांना दाखवायला, बदल करायला वेळच नव्हता. ईटी खड्ड्यात पडायचा, वर यायचा, परत पडायचा, पोरांना कळेना की करायचंय काय.

दुकानांनी मात्र ऑर्डरी भरभरून दिल्या होत्या, अटारीने चाळीस लाखांच्या आसपास कार्ट्रिज बनवली आणि त्यातली पंधरा लाखांच्या आसपास खपली. इथे एक फरक समजून घ्या जो आजही बातम्या वाचताना उपयोगी पडतो. कंपनीने दुकानाला माल पाठवला म्हणजे तो विकला गेला असं नाही. विकला गेला असं तेव्हा म्हणायचं जेव्हा गिऱ्हाईकाने काउंटरवर पैसे दिले. मधल्या काळात माल दुकानदाराच्या फळीवर असतो आणि नाही खपला तर दुकानदार तो परत पाठवतो नाहीतर भाव पाडायला लावतो. ७ डिसेंबर १९८२ ला कंपनीने सांगितलं की अटारीची वाढ ५० टक्के म्हणालो होतो, ती १०-१५ टक्केच होईल, आणि दुसऱ्या दिवशी वॉर्नरचा शेअर एक तृतीयांशाच्या आसपास पडला. सणानंतर माल परत यायला लागला. सप्टेंबर १९८३ मध्ये अटारीने ट्रक भरभरून माल न्यू मेक्सिकोतल्या अलामोगोर्डोच्या कचरा डेपोत पुरला, तीस वर्षं लोक ती दंतकथा समजत होते, २०१४ च्या एप्रिलमध्ये खणून बघितलं तर खरोखर कार्ट्रिज निघाली. अमेरिकेतला घरगुती गेमचा धंदा त्याच सुमारास कोसळला. एकट्या ईटीमुळे नाही, बाजारात सुमार गेमचा पूर आला होता, पण सगळ्यांनी एकाच ख्रिसमससाठी माल बनवून ठेवला होता हे त्यातलं मोठं कारण. म्हणून फॉलआउट ४ सारख्या गेमबद्दल २०१५ साली पहिल्या चोवीस तासांत १ कोटी २० लाख कॉपी अशी बातमी आली तेव्हा ती पाठवलेल्या मालाची होती हे लक्षात ठेवायचं. तो गेम पुढे खपलाही भरपूर, पण आकडा काय मोजतोय ते बघायची सवय हवी.

चांगला गेम असून मार खाल्ल्याचं उदाहरण टायटनफॉल २. २०१६ ची गोष्ट. ईए कंपनीने २१ ऑक्टोबरला बॅटलफील्ड १ आणला, एका आठवड्याने २८ ला टायटनफॉल २, तोही ईएचाच, आणि त्याच्या पुढच्या आठवड्यात ४ नोव्हेंबरला समोरून ॲक्टिव्हिजनचा नवा कॉल ऑफ ड्यूटी. तिन्ही बंदुकीचे गेम, पंधरा दिवसांत, प्रत्येकी साठ डॉलर. लोकांकडे साठ डॉलर एकदाच असतात, शिवाय मित्र जो खेळतायत तोच घ्यावा लागतो नाहीतर ऑनलाइन खेळणार कोणाबरोबर. ज्यांनी टायटनफॉल २ खेळला ते त्याच्या कथेचं आजही कौतुक करतात, पण विक्री कमी झाली आणि महिन्याभरात ब्लॅक फ्रायडेला तो सवलतीत होता. आणि ही सवलत कोण सोसतं? दुकानदाराने माल आधीच्या भावाने घेतलेला असतो, तो कंपनीच्या सांगण्यावरून भाव उतरवतो तेव्हा मधला फरक बहुतेक वेळा कंपनीच त्याला भरून देते. म्हणून ब्लॅक फ्रायडेला कुठला ताजा गेम स्वस्त झालाय ते बघितलं की कोणाचा माल पडून आहे ते न सांगताच कळतं.

स्टीमवर डबे नाहीत, ट्रक नाहीत, त्यामुळे वाटेल की हे सगळं तिथे लागू नसेल. पण तिथेही कॅलेंडर आहेच. डिसेंबरच्या दुसऱ्या पंधरवड्यात विंटर सेल लागतो, कॅलिफोर्नियाच्या सकाळी दहा वाजता, म्हणजे आपल्याकडे रात्री साडेअकरा, आणि पहिल्या काही मिनिटांत स्टोअर इतकं अडखळतं की कार्टमध्ये टाकलेला गेम कार्टमध्येच राहतो. घाई करायची काही गरज नसते, सेल साधारण दोन आठवडे चालतो आणि पहिल्या दिवशीची किंमत सहसा शेवटच्या दिवसापर्यंत तीच राहते. नियमही ठरलेले आहेत. गेम रिलीज झाल्यावर सुरुवातीची सवलत संपली की तीस दिवस दुसरी सवलत देता येत नाही आणि रिलीज होऊन तीस दिवस झाले नसतील तर मोठ्या सेलमध्ये भाग घेता येत नाही. किंमत वाढवली तरी पुढचे तीस दिवस डिस्काउंट बंद, म्हणजे आधी भाव फुगवायचा आणि मग अर्धा केला म्हणून सांगायचं हे तिथे जमत नाही. डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात आलेला गेम म्हणूनच विंटर सेलमध्ये पूर्ण किमतीला दिसतो, कोणी विसरलेलं नसतं.

पैशाचं गणितही बघा. हजार रुपयांचा गेम ७५ टक्के सवलतीत अडीचशेला मिळाला, त्यातले ३० टक्के स्टीमचे, म्हणजे बनवणाऱ्याच्या हातात पावणेदोनशे, कर आणि पब्लिशरचा वाटा त्यातूनच. तरी छोट्या स्टुडिओंना हा सेल हवा असतो, कारण विशलिस्ट. तुम्ही गेम विशलिस्टला टाकून ठेवलात की २० टक्के किंवा जास्त सवलत लागली की स्टीम तुम्हाला मेल पाठवतं, आणि वर्षभर नुसतं बघून गेलेले लोक त्या एका मेलवर परत येतात. २०२४ मध्ये स्टीमवर १८ हजारांहून जास्त नवे गेम आले, एवढ्या गर्दीत कुणाला आठवण करून देणारी ही एकच घंटा छोट्यांकडे आहे. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सने बनवलेला राजी हा गेम ऑगस्ट २०२० मध्ये आधी फक्त स्विचवर आला आणि १५ ऑक्टोबरला पीसी, पीएस४, एक्सबॉक्सवर, म्हणजे नोव्हेंबरच्या धुमश्चक्रीच्या महिनाभर आधी. बॅटलफील्डसारख्याच्या शेजारी उभं राहायला जाहिरातीचे जे पैसे लागतात ते एवढ्याशा स्टुडिओकडे असणार कुठून, त्यामुळे अशी मोकळी जागा छोट्यांसाठी फार मोलाची असते.

कन्सोलच्या बाबतीत मात्र आपल्याला या कॅलेंडरमध्ये जागाच नसते असं दिसतं. पीएस५ अमेरिकेत १२ नोव्हेंबर २०२० ला आला, थँक्सगिव्हिंगच्या दोन आठवडे आधी. आपली दिवाळी त्या वर्षी १४ नोव्हेंबरला होती. भारतात तो आला २ फेब्रुवारी २०२१ ला, ४९,९९० रुपयांना, दिवाळी गेली, नाताळ गेला, संक्रांतसुद्धा गेली. माल जगभरच कमी होता हे खरं, पण कमी माल असला की तो आधी कोणत्या सणाला जातो ते यात स्पष्ट दिसतं.

आणि ख्रिसमसचा दिवस हा सर्व्हरसाठी सगळ्यात वाईट दिवस. लाखो लोक एकाच सकाळी नवा कन्सोल जोडतात, अकाउंट उघडतात, पॅच खेचतात. २०१४ च्या ख्रिसमसला हल्लेखोरांनी नेमकी हीच वेळ साधून प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्सची ऑनलाइन सेवा पाडली. २०१५ मध्ये स्टीमवर हल्ला झाला आणि तो थोपवण्याच्या धावपळीत सेटिंग चुकल्याने साधारण ३४ हजार लोकांची अकाउंटची माहिती भलत्यांना दिसली. सुट्टीच्या दिवशी घरून उठून हे निस्तरायला जे बसले त्यांचा विचार मी दर नाताळला करतो.

यापुढचा मोठा नोव्हेंबर म्हणजे जीटीए ६ या गेमचा. आधी २०२५ चा हिवाळ्याआधीचा काळ, मग २६ मे २०२६, आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये तो बनवणाऱ्या रॉकस्टारने जाहीर केलेली तारीख १९ नोव्हेंबर २०२६, गुरुवार. थँक्सगिव्हिंग त्या वर्षी २६ ला, बरोबर सात दिवस. गेम अजून नीट करायला वेळ हवा म्हणून दोनदा पुढे ढकलला हे मला मनापासून पटलं, दोन्ही वेळा शेअर पडला तरी. बाकीच्यांनी काय करायचं याची झलक ऑगस्ट २०२५ मध्ये दिसलीच, हॉलो नाइट सिल्कसाँग ४ सप्टेंबरला येणार असं फक्त दोन आठवडे आधी जाहीर झालं आणि कितीतरी छोट्या स्टुडिओंनी आपल्या तारखा बदलल्या. जीटीए त्याच्या कितीतरी पट मोठा. त्या ब्लॅक फ्रायडेला त्यावर सूट मिळेल ही आशा कोणी धरू नये, आणि पीसीवाल्यांनी तर अजिबात नाही, कारण जाहीर झालाय तो फक्त पीएस५ आणि एक्सबॉक्स सिरीजसाठी.